इंद्रभान जपानी, मुक्काम केनवड

पह्यले एक गोठ कान उघडून आयका. माहा काका जपानले कधी गेला नाई. केनवडच्या पारावर बसनारे रिकामटेकडे तुमाले सांगतीन का इंद्रभान जहाजात बसून गेला, तिथं राजाच्या पोरीले पायावर घेऊन फिरवलं, अन् सोन्याचं पीप घेऊन वापस आला. साऱ्या थापा! सोन्याचं पीप घरात असतं तर मी हे फाटकं धोतर नेसलो असतो काय? काका जन्मात कारंज्याच्या पुढं गेला नाई. पन एका दुपारपुरता तो जपानी झाला होता, हे मात्र खरं.

मी जगदेव, त्याच्या लहान्या भावाचा पोरगा. शेवटचं जे सांगनार हाय ते मी माह्या डोळ्यानं पाह्यलं. अगुदरचं सारं मले काकीनं सांगतलं. काका सांगे त्यात निम्मा मीठमसाला राहे. काकी, म्हनजे गोजराबाई, खोटं बोलत नसे. तिले तेवढी फुरसतच नसे.

मानूस म्हनून काका साधा. उंचीनं बुटका, बोलायले गरीब, बाजारात कोनीबी ठकवावा असा. देवानं सारी ताकद कंबरेच्या खाली देल्ली होती. बंडीच्या आखाले वंगन लावाचं म्हनजे लोक खालून लाकडाचा टेकू देतात, मंग चाक काहाडतात. काकानं कधी टेकू वापरला नाई. तो बंडीखाली उताना झोपे, दोन्ही पाय वर करे, अन् भरेल बंडी पायानं उचलून धरे. खालून सांगे, "काहाड रे चाक, लाव वंगन, घाई नको करू." एकदा तर बंडी पायावर धरून तसाच झोपी गेला म्हनतात. काकी म्हने, हे खरं हाय, मीच उठवलं.

साल असीन एकोनीसशे तेरा. काका कापूस घेऊन कारंज्याले गेला. कापूस इकला, बंडी रिकामी झाली. तिथं मुर्तिजापूरच्या लहान्या रेलगाडीतून एक सर्कस उतरेल होती. तिले मंगरूळपीरवरून वाशिमले जाचं होतं अन् बंड्या कमी पडून राह्यल्या होत्या. काकानं भाडं घेतलं. त्याच्या बंडीत चढलं एक मोठ्ठं लाकडी पीप, दोन पेट्या अन् दोन म्हातारी मानसं: बुढा किताजिमा अन् त्याची बायको ओसेन. इतके लहाने अन् इतके चूप मानसं काकानं कधी पाह्यले नव्हते. त्याले वाटलं बंगाली असतीन.

सर्कशीचा मॅनेजर रामराव त्याच बंडीत बसला. भल्ला बडबड्या मानूस. बैलं कंटाळले पन हा कंटाळला नाई. त्यानं सांगतलं का हे जपानी डोंबारी हायेत. "अबे, यांच्या सरकारनं पह्यले कोनाले देशाबाहेर जाऊच देल्लं नाई. जाईन त्याचं मुंडकं! मंग कायदा उठला. अन् परदेशी जायचे पह्यले परवाने कोनाले भेटले, सांग बरं? वकिलाले नाई, व्यापाऱ्याले नाई. ह्या पिपं फिरवनाऱ्या अन् बांबूवर चढनाऱ्या लोकाईले! गोरे लोक पागल झाले यांच्यापायी. लंडन, पॅरिस, अमेरिका, जिथं जाव तिथं तंबू फुल. हा बुढा आठ वर्साचा होता, बापाच्या पायावर उभा राहून निघाला, तो पन्नाशी झाली तरी सायबाईच्या टाळ्याच खाऊन राह्यला."

"टाळ्यानं पोट भरते काय?" काकानं इचारलं.

"नाई भरत. म्हनून तर तुह्या बंडीत हाय."

मंग रामरावनं खरी गोठ सांगतली. म्हाताऱ्याईनं अकरा वर्सात घर पाह्यलं नव्हतं. त्याईचा एकुलता पोरगा खाली झोपून पायावर पीप झेले, तो मुंबईतूनच दुसऱ्या मंडळीसंगं अमेरिकेले पळाला. आता वाशिमच्या खेळाले कलकत्त्याचा एक गोरा एजंट येनार होता. तो रंगून, सिंगापूर करत करत जपानपर्यंत खेळ घेऊन जानार होता, दर बंदरावर सायब-मडमाईपुढं. त्याले पाह्यजे होतं पिपाचा खेळ करनारं जपानी कुटुंब: बाप, माय अन् पोरगा. खेळ पसंत पडला तर म्हातारे आपल्या घरी पोचतीन. "नाई तर," रामराव म्हने, "हे दोघं इथंच वऱ्हाडात मरतीन, अन् यांच्यावर माती लोटायलेबी यांचं कोनी नसीन."

ओसेनबाई तवा पदरानं पीप पुसून राह्यली होती. म्हनजे पदर नव्हता तिले, बाहीच पदरासारखी लांब होती. तिले यातलं एक अक्षर समजलं नाई. काकानं बैलं हळू केले, पीप हालू नये म्हनून.

मंगरूळपीरच्या अलीकडं आख कुरकुर कराले लागला. काका सवयीनं खाली घुसला, झोपला, पाय लावले, अन् बंडी वर! पीप, पेट्या, ओसेनबाई, रामराव, सारं सकट. किताजिमा पाय मोकळे कराले खाली उतरेल होता. त्यानं ते पाह्यलं अन् मटकन रस्त्यातच बसला. त्याले हिंदुस्थानी तीनच शब्द येत: ऊपर, नीचे, शाबाश. तो वरडला, "शाबाश! ऊपर! शाबाश!" अन् बाजारात बैलाच्या दाबतात तशा काकाच्या पिंढऱ्या दाबून पाहू लागला.

तर असा माहा काका जपानी पोरगा झाला. वाशिमले तंबू लागला अन् तंबूच्या मांगं सहा दिवस तालीम चालली. पीप तर तिसऱ्याच दिवशी जमलं. काका उताना झोपून पायावर पीप असं फिरवे का किताजिमाचं "शाबाश" सरत नसे. पन पिपाच्या मांगून खरा खेळ होता. काकाच्या तळव्यावर ओसेनबाई उभी राहनार, अन् काका तिले झुलवनार, उडवनार, झेलनार.

काका ताडकन उठून बसला. "माह्या मायच्या वयाच्या बाईले मी लाथ लावू? नरकात जाऊ काय?"

रामरावनं समजावलं का हे लाथ नाई, खेळ हाय. काका कसाबसा तयार झाला. पन तुमाले तर ठाऊक हाय, आपल्यात कोनाले पाय लागला का हात लावून कपाळाले लावा लागते. काका काई मुद्दाम करत नव्हता, हातच जाये! ओसेनबाईचा पाय टेकला का काकाचा हात गादी सोडून नमस्काराले, अन् बाई धप्पकन गवतावर. एका दिवसात अकरा खेपा पडली बिचारी. दर खेपी उठे, कपडे झटके, अन् पुन्हा चढे. रामराव कपाळ बडवून म्हने, "अबे भैताडा, म्हातारी मोडशीन तू!"

शेवटी काकानंच तोड काहाडली. सुरू व्हायच्या अगुदर एकच मोठा नमस्कार कराचा, साऱ्या लाथाईचा आगाऊ. तो ओसेनबाईच्या पुढं वाकला अन् म्हने, "माय, आज जितके पाय लागतीन त्या साऱ्याईची माफी दे."

आता ओसेनबाई जपानची. त्याईच्यात समोरचा वाकला का आपुन वाकाचं, अन् चांगलं खाली वाकाचं. ती वाकली. काका घाबरला. आपल्यात मोठं मानूस लहान्यापुढं वाकलं तर लहान्याचं आयुष्य कमी होते! म्हनून तो आखीन खाली वाकला. तिले वाटलं, किती गुनाचं लेकरू, अन् ती त्याच्याहून खाली. काका गुडघ्यावर आला. ती गुडघ्यावर. काकानं डोकं भुईले टेकवलं. तिनंबी टेकवलं. सांगा आता, हे भांडन मिटावं कसं? दोघंबी नाक मातीत घालून पडेल, अन् कोनी पह्यले उठाले तयार नाई. किताजिमानं दोघाईले काखेत हात घालून उठवलं तवा कुठी तालीम सुरू झाली.

सातव्या दिवशी दुपारी खेळ. पुढच्या खुर्च्यावर मोठा सायब, जिनिंगचे सायब, त्याईच्या मडमा, अन् मधात चिरूट ओढत तो एजंट. दोराच्या मांगं आपले लोक. काकाच्या तोंडाले पांढरी भुकटी फासेल, अंगात फुलाफुलाचा रेशमी झगा. रामरावनं बजावून सांगतलं, "काई झालं तरी तोंड उघडू नको. तू जपानी हायेस."

बाप-लेक-माय पुढं आले. काकानं आगाऊ नमस्कार केला. ओसेनबाई वाकली. मंग काका खाली, ती आखीन खाली, काका गुडघ्यावर, ती गुडघ्यावर… सायबाईले वाटलं हाच खेळ हाय. मडमा हासून हासून एकमेकीच्या अंगावर पडल्या. एजंटच्या तोंडातला चिरूट गळून मांडीवर पडला अन् तो नाचत उठला. किताजिमानं आयुष्यभरात इतका हशा पाह्यला नसीन. बिचाऱ्याले कारन समजलं नाई, त्यानं आपला घाम पुसला.

पीप झकास फिरलं. मंग ओसेनबाई काकाच्या तळव्यावर चढली, सरळ उभी राह्यली, दोन्ही हातात पंखे.

अन् तितक्यात काकी!

काकीचं माहेर वाशिमचं. भावजयीसंगं खेळ पाहाले येऊन ती दोराच्या मांगं उभी होती. नवरा भाड्यानं गेला येवढंच तिले ठाऊक. भुकटी फासेल तोंड तिनं वळखलं नाई, पन टाचा वळखल्या. वंगन भरेल त्या भेगा साऱ्या वऱ्हाडात दुसऱ्याच्या नव्हत्या. तिनं असा गळा काहाडला का घोडे बिचकले: "अवो! उतरवा तिले खाली! तिकडं वावरात पऱ्हाटीचा कापूस फुटून राह्यला अन् तुमी इथं बाया झेलून राह्यले?"

काकाची मान वळली. ओसेनबाई डुलली. काकानं दात खाऊन पाय सरळ केले अन् तिले सावरलं.

मोठ्या सायबाले वाटलं का ही जपानी गर्जना झाली, म्हनजे खेळ खतम. तो घड्याळ पाहून उठला. सायब उठला म्हनून बँडवाल्याईनं बादशहाच्या सलामीची धून धरली. अन् ती धून लागली का सारे गोरे ताठ! कोनी हालाचं नाई, खोकलाचं नाई. किताजिमा तर जन्मभर सायबाईपुढं खेळेल. धून आयकली अन् तोबी खांबासारखा उभा. ओसेनबाईले खाली कोन उतरवनार? कोनीच नाई.

काकाले काय ठाऊक बादशहा अन् काय सलामी? त्याले येवढंच समजलं का आपुन पाय सोडले तर म्हातारी पडते, अन् म्हातारी पडली तर तिचं घर गेलं. बँडवाले तीन, त्यातल्या एकाचा बाजा फुटेल, अन् धूनीचा शेवट कोनालेच येत नव्हता. सरली का पुन्हा पह्यल्यापासून. तीन खेपा वाजवली! काकाच्या मांड्या लटलट कापाले लागल्या, घामानं भुकटी वाहून कानात गेली. काकीनंबी ते पाह्यलं अन् पदर तोंडात धरून चूप झाली. वरून ओसेनबाई खाली पाहून हासून राह्यली होती. काका मंग म्हने, "ती हासली म्हनून राह्यलो. बंडी असती तर केव्हाच टाकली असती."

धून थांबली. किताजिमानं धावत येऊन बायकोले उतरवलं, अन् काका जो आडवा झाला तो आडवाच.

एजंट मांगच्या बाजूनं तंबूत आला. काकाजवळ बसला, बोटाले थुंकी लावून त्याच्या गालावर फिरवलं. खालून अस्सल केनवडी रंग निघाला. रामरावचं तोंड पडलं. पन एजंट खो खो हासला. रामरावले म्हने, "माझ्या लंडनच्या मंडळीत निम्मे जपानी आयर्लंडचे होते. मला पाय पाहिजेत, जात नको. याला कलकत्त्याला पाठव. तिघं असतील तरच जहाज."

झालं! आता काकाचा जीव कात्रीत सापडला. समुद्र ओलांडला तर बिरादरी वाळीत टाकीन, पऱ्हाटी वावरात उभी, अन् बाहीर काकी कंबर खोचून उभी. अन् "नाई" म्हनलं तर हे दोघं पुन्हा बंडीत. म्हातारी त्याच्या तोंडाकडं पाहून राह्यली होती. काका म्हने, "येतो. तुमी पुढं व्हा. मी पंधरा दिवसात कलकत्त्याले येतो."

गोठीले मीठमसाला लावे तो, पन जन्मात बोलला ते येवढं एकच खोटं. दुसऱ्या दिवशी एजंट त्या दोघाईले घेऊन गेला. काका केनवडले आला अन् पऱ्हाटी वेचाले लागला.

पन जेवन जाये ना त्याले. रोज इचारे, "गोजरा, पोरगा आला नाई म्हनून त्या सायबानं त्याईले कलकत्त्यातच उतरवलं असीन का वो?" काकीनं पह्यले शिव्या देल्ल्या, मंग समजूत घातली, मंग तीच रडाले लागली.

दोन वर्सानं पत्र आलं. वर इंग्रजीत काकाचं नाव, आत जपानी. अन् पाकिटासकट कोपरा फाटेल! टपालात कुठी फाटला असीन, पन आपल्यात फाटक्या कोपऱ्याचं पत्र म्हनजे काय? मरनाची खबर. काकीनं ते पत्र घरात घेऊच देल्लं नाई. मास्तर म्हने, मले वाचता येत नाई. मंगरूळपीरचे मौलवी म्हने, "भाई, हमारा दाएँ से चलता है, तुम्हारा बाएँ से. ये तो ऊपर से टपकता है." वाचनारा कोनी नाई, पन कोपरा तर साऱ्याईलेच वाचता येत होता. काका थंड्या पान्यानं न्हाला. डोकं भादरलं. दहा दिवस सुतक पाळलं. गाव म्हने, कोन मेलं रे इंद्रभान? काका म्हने, जपानात मेलं. तवापासून त्याचं नाव जपानी पडलं. दरसाल पितरपाटात दोन पत्रावळी जास्तीच्या मांडे. कावळा शिवला नाई तर त्याच्या संगं भांडे.

सत्तावीस वर्सं गेली. दुसरी लढाई लागली. पह्यल्या लढाईत जपान सरकारचा दोस्त होता, आता दुश्मन झाला. अन् केनवडच्या बाजारात कोन्या अकलेच्या कांद्यानं हाक मारली, "ए जपान्या, मिरच्या कशा देल्ल्या?" बाजूले शिपाई उभा होता. झडती झाली. गोठ्याच्या आढ्यात पत्र सापडलं. शिपायानं ते चिमटीत धरून ठाण्यात नेलं. पत्र नागपूरले गेलं, तिथून कुठी गेलं देव जाने. तीन महिन्यानं रिसोडच्या ठाण्यात बोलावनं आलं. काका साठीच्या पुढं गेलता, म्हनून मी संगं गेलो.

फौजदार तरुन, चष्मेवाला. त्यानं भाषांतराचा कागद उघडला अन् कडक आवाजात वाचाले लागला, जसा काई त्यात बॉम्बगोळ्याचा नुस्खा होता.

"'आम्ही पोहोचलो. कलकत्त्याला एजंटला सांगितलं, मुलगा मागून येतो, आणि जहाजात चढलो. रंगूनला तो ओरडला, मुलगा कुठे? मी म्हणालो, जहाज चुकलं, पुढच्याने येतो. सिंगापुरातही ओरडला. तिथेही तेच सांगितलं. असं सांगत सांगत घर आलं.'"

फौजदारानं काकाकडं पाह्यलं. काकाचं तोंड उघडंच.

"'छप्पर गळत होतं, ते शाकारलं. ओसेन अंगणातल्या झाडावर चढते. उतर म्हटलं तर उतरत नाही. आमचा मुलगा अमेरिकेतून आला नाही. आता येणारही नाही. शेजारी विचारतात, मुलं किती? आम्ही सांगतो, एकच आहे. हिंदुस्थानात शेती करतो.'"

काका लहान्या लेकरासारखा हमसून हमसून रडाले लागला. "पोचले रे जगदेव," तो म्हने, "घरी पोचले! अन् मी भैताड जित्या मानसाईले जेवू घालून राह्यलो कावळ्याच्या हातून!" फौजदारानं चष्मा काहाडून पुसला, शिपायाले चहा आनाले पाठवलं, अन् मंग सरकारी कागद पुढं ओढला.

"आजोबा, शेवटचा प्रश्न. शत्रूच्या मुलखातल्या या इसमांशी तुमचं नातं काय? नीट विचार करून सांगा. काही नाही म्हणालात तर हा कागद इथेच संपला. नातं लिहिलं तर लढाई संपेपर्यंत दर सोमवारी हजेरी."

मी काकाच्या मांडीले जोरात चिमटा काहाडला. काकानं उपरन्यानं डोळे पुसले, सावरून बसला.

"लिवा," तो म्हने. "माय-बाप."

तीन वर्सं दर सोमवारी तो केनवडवरून रिसोडले पायी गेला, धुतलेलं धोतर नेसून. पुढं फौजदारालेच कीव आली, तो म्हने, "आजोबा, उन्हाचे कशाला येता, मी इथूनच लिहून टाकीन." पन काका आयके ना. काकीले म्हने, "मले जा लागते वो. साऱ्या सरकारात येवढ्या एकाच कागदावर लिवेल हाय का मी त्याईचा पोरगा हाय."